सरकत्या पडद्याचा कुळवृत्तांत

आपल्या या त्रैमासिकात आजवर कुळवृत्तांत पुष्कळ आले. कोणाचे पूर्वज कोकणातून कोणत्या घाटाने वर आले, कोण पलटणीस शिधा पुरवीत पुरवीत कॅम्पातच स्थिरावले, निपाणीच्या तंबाखूच्या पेठेत कोणी वखार घातली, हे सारे आपण आस्थेने वाचतो व जपून ठेवतो. प्रस्तुत लेखात आम्ही जो कुळवृत्तांत सांगू इच्छितो तो कोणत्याही घराण्याचा नसून एका खेळाचा आहे. हा खेळ १९८१ साली अमेरिकेतील शिकागो येथून यंत्ररूपाने बाजारात आला. त्याचे नाव 'डिफेंडर', म्हणजे रक्षणकर्ता. आपल्यापैकी फारच थोड्यांनी तो पाहिला असेल. आम्हीही मूळ यंत्रापुढे कधी उभे राहिलेलो नाही. परंतु आपल्या घरांतील जी मुले १९८५ नंतर वाढली, ती या खेळाच्या वंशजांच्या संगतीत वाढली. ज्याला आपण पोरखेळ म्हणून सोडून दिले त्याने चित्र पाहण्याची रीतच पालटली. शासनाने आणि आपण वडीलधाऱ्यांनी मात्र त्यात नाणे तेवढे पाहिले, असे आमचे म्हणणे आहे.

मूळ पुरुषाकडे वळण्यापूर्वी त्याच्या आधीची स्थिती सांगणे अवश्य आहे. १९७८ साली जपानच्या तायतो कंपनीने काढलेला 'स्पेस इन्व्हेडर्स' किंवा १९८० सालचा नामको कंपनीचा 'पॅक-मॅन' यांचा पडदा स्थिर असे. जे काही घडायचे ते त्या चौकटीतच. चौकटीबाहेर जगच नाही. आपल्याकडील उपमा द्यावयाची तर कुडाळजवळच्या पिंगुळीचे चित्रकथी आठवावेत. चित्रकथी पोथीतील एक चित्र श्रोत्यांपुढे धरतो, त्यावरची कथा गातो, ती झाली की दुसरे चित्र धरतो. चित्र बदलते, पण सरकत नाही. याउलट जत्रेतला बायोस्कोपवाला! सौंदत्तीच्या यल्लम्माच्या जत्रेत लहानपणी ज्यांनी त्या पत्र्याच्या पेटीच्या भोकाला डोळा लावला असेल त्यांस आम्ही काय म्हणतो ते लगेच कळेल. आत दोन रुळांवर गुंडाळलेली चित्रांची लांबच लांब पट्टी असे. बाहेरून दांडा फिरविला की एक चित्र काठाने नाहीसे होई आणि दुसरे काठाने आत येई. आपला डोळा तिथेच, आणि जग मात्र त्याच्यापुढून चालले आहे, असा तो आनंद होता. 'डिफेंडर'ने यंत्राच्या पडद्यावर हेच केले. फरक एवढाच की दांडा बायोस्कोपवाल्याच्या हातून काढून पाहणाऱ्याच्या हाती दिला.

पडदा आडवा सरकविण्याचा हा पहिलाच प्रयत्न होता असे मात्र कोणी समजू नये. त्यापूर्वी तीन-चार वर्षे काही यंत्रांत तसे झाले होते. कुळाचा मूळ पुरुष ठरविताना आपणही ज्याच्यापासून वंश विस्तारला त्याचेच नाव घेतो, तोच न्याय येथे लावला आहे.

शिकागोची विल्यम्स ही कंपनी पिनबॉलची यंत्रे बनविण्यात नावाजलेली होती. बर्कली येथे संगणकशास्त्र शिकलेला यूजीन जार्विस हा तरुण तिच्याकडे पिनबॉलचेच काम करीत असे. त्याने व त्याच्या मोजक्या सहकाऱ्यांनी हा खेळ रचला. १९८० च्या अखेरीस शिकागोतील व्यापारी प्रदर्शनात तो मांडला गेला, तेव्हा यंत्रे विकत घेणाऱ्या व्यापाऱ्यांनी त्याच्यापुढे उभे राहण्यासच कचरावे अशी अवस्था झाली. कारण उघड होते. इतर खेळांत एक दांडा व एखादे बटण. येथे एक दांडा आणि पाच बटणे! वर-खाली जाण्यास दांडा, पुढे जाण्यास एक बटण, तोंड फिरविण्यास दुसरे, गोळी झाडण्यास तिसरे, पडद्यावरील सर्व शत्रू एकदम नष्ट करण्यास चौथे, आणि अगदीच जिवावर बेतले तर भलत्याच ठिकाणी उडी मारण्यास पाचवे. नवशिक्याचे नाणे काही सेकंदांत संपे. तरीही या यंत्राच्या ५० हजारांहून अधिक प्रती खपल्या. अवघड वस्तू लोकांस नको असते, हा व्यापाऱ्यांचा नेहमीचा समज येथे खोटा ठरला.

खेळाचे कथानक साधेच आहे. खाली डोंगराळ जमीन, तिच्यावर दहा माणसे. वरून परग्रहावरची याने उतरतात, एकेक माणूस उचलून आकाशात नेऊ लागतात. माणूस पडद्याच्या माथ्यापर्यंत नेला गेला की तो व उचलणारा एक होऊन अधिकच भयंकर शत्रू बनतो. सगळी माणसे गेली तर जमीनच फुटून नाहीशी होते. खेळणाऱ्याने आपले विमान घेऊन हे होऊ द्यायचे नाही. त्यातही एक खुबी आहे. माणूस घेऊन चाललेल्या शत्रूस पाडले तर माणूसही खाली कोसळतो. तेव्हा लगोलग खाली जाऊन त्याला अधांतरी झेलायचे आणि जमिनीवर अलगद उतरवायचे. शत्रू मारणे हे ज्या खेळाचे एकमेव कर्तव्य नाही असा तो खेळ होता, हे त्याच्या नावातही आहे. मारामारीचा म्हणून ज्याचा उल्लेख होतो त्या खेळाच्या मुळाशी ही राखणदारी आहे, ही गोष्ट आम्हांस महत्त्वाची वाटते.

आता जमीन पडद्यापेक्षा कितीतरी लांब. विमान उजवीकडे नेले की डावीकडचा मुलूख दिसेनासा होतो, आणि तिथे कोणते माणूस उचलले जात आहे ते कळत नाही. यावर जार्विसने पडद्याच्या माथ्यावर एक अरुंद पट्टी ठेवली. तीत सबंध मुलुखाचे छोटे चित्र, शत्रू म्हणजे ठिपके, माणसे म्हणजे ठिपके. ज्यांनी महसूल खात्यात नोकरी केली त्यांस हे नवे नाही. शेताच्या बांधावर उभे राहिले की डोळ्यांपुढचे चार बांध दिसतात, आणि हातात गावनकाशा असला की सबंध गाव दिसतो. दोन्ही एकाच वेळी पाहता आल्याखेरीज मोजणी होत नाही. खेळाच्या यंत्रात बांध आणि गावनकाशा एकाच पडद्यावर आणण्याची ही युक्ती पुढे इतकी रुळली, की आज मोबाइलवर चालणाऱ्या कोणत्याही मोठ्या खेळाच्या कोपऱ्यात पाहा, तो छोटा नकाशा असतोच.

या कुळाच्या पुढच्या शाखा जपानात फुटल्या. १९८१ सालीच कोनामी कंपनीचा 'स्क्रॅम्बल' आला. त्यात पडदा खेळणाऱ्याच्या इच्छेची वाट न पाहता आपोआप सरकत राहतो, आणि एकामागून एक वेगळे मुलूख लागतात. थांबण्याची सोयच नाही. १९८२ साली आयरेम कंपनीचा 'मून पेट्रोल' आला. चंद्रावर चालणाऱ्या गाडीचा हा खेळ ताकाशी निशियामा यांनी रचला होता. त्यात मागचे डोंगर सावकाश सरकत आणि पुढची जमीन वेगाने. बेळगावहून लोंढ्याकडे गाडीने जाताना देसूरच्या आसपास खिडकीतून पाहावे. रुळाकाठचे खांब भराभर मागे पळतात, शेते त्याहून सावकाश जातात, आणि यळ्ळूरचा राजहंसगड बराच वेळ आपल्याबरोबर चालत असल्यासारखा वाटतो. सपाट काचेवर खोलीचा भास निर्माण करण्याची ही क्लृप्ती आजतागायत चालू आहे. याच निशियामा यांनी १९८४ साली 'कुंग-फू मास्टर' केला; त्यात विमान व गाडी जाऊन पायी चालणारा, हातापायांनी लढणारा माणूस आला. त्या खेळाची घरगुती आवृत्ती करण्याचे काम निन्टेन्डो या कंपनीत शिगेरू मियामोतो यांच्या चमूकडे आले, आणि त्यातून मिळालेल्या धड्यांचा उपयोग १९८५ च्या सप्टेंबरात प्रसिद्ध झालेल्या 'सुपर मारिओ ब्रदर्स' या खेळास झाला. 'मारिओ' म्हटले की आपल्या घरांतील चाळिशीची मुले आजही हसतात. १८८९ साली क्योटो येथे हाताने रंगविलेले पत्ते विकणारी पेढी म्हणून निन्टेन्डो सुरू झाली होती. सावंतवाडीच्या गंजिफा रंगविणाऱ्या कारागिरांची आठवण येथे कोणास होणार नाही?

पडदा सरकतो म्हणजे काय होते, हे आम्ही एका अभियंता स्नेह्यांकडून समजून घेतले. मारिओसारख्या खेळांत चित्र मुळी हलतच नाही. यंत्राच्या स्मरणात चित्राचे छोटे छोटे चौकोन, रांगोळीच्या ठशांसारखे, ओळीने मांडलेले असतात. कोणत्या चौकोनापासून वाचावयास आरंभ करायचा, तो आकडा तेवढा बदलत जातो. जमाखर्चाची वही जागची न हलविता बोट एकेक रकाना पुढे सरकवावे, तसे. दर सेकंदास अनेक वेळा हे झाले की डोळ्यास जमीन चालल्याचा भास होतो. इतक्या थोड्या भांडवलावर एवढा मुलूख उभा करणे ही साधी गोष्ट नव्हे.

आता आपल्या गावाकडे येऊ. ऐंशीच्या दशकाच्या उत्तरार्धात अशी यंत्रे आमच्या कॅम्पात आली, तेव्हा आम्ही शासकीय सेवेत नवखे होतो. उंच लाकडी कपाटासारखे यंत्र, आत काचेचा पडदा, खाली नाणे टाकण्याची फट. चित्रपटगृहाच्या आसपास, एखाद्या हॉटेलाच्या मागच्या खोलीत ती मांडलेली असत. दिवा मंद, पंखा एकच, आणि आवाज असा की बाहेर रस्त्यावर उभ्या असलेल्या टांगेवाल्याने मान वळवून पाहावे. शाळा सुटली की मुलांचा घोळका तिकडे वळे. एक मूल खेळे आणि सहाजण त्याच्या खांद्यावरून पाहत.

कॅम्प ही वस्ती पूर्वीपासून संमिश्र. छावणीच्या निमित्ताने येथे मराठी, कन्नड, उर्दू, कोंकणी, तमिळ बोलणारी कुटुंबे एका गल्लीत नांदली. ज्या शहरात दुकानाच्या पाटीवर कोणती लिपी वर असावी यावरून मोर्चे निघाले त्याच शहरातील ही एक खोली अशी होती, की तिथे भाषेचा प्रश्नच उद्भवत नसे. यंत्रावर इंग्रजीत चार शब्द उमटत, तेवढेच. वाद होई तो पुढचा डाव कोणाचा यावर.

आणि तरीही भाषेवर परिणाम झाला. तो आम्हांस साहित्यप्रेमी या नात्याने अधिक कुतूहलाचा वाटतो. 'माझी एक लाइफ गेली', 'तिसऱ्या स्टेजला बॉस येतो', 'अजून एक चान्स दे की रे' ही वाक्ये कॅम्पातील मराठी मुलांच्या तोंडी तेव्हा रुळली. पुढे ती खेळाबाहेर आली. परीक्षेत एका विषयात नापास झालेला मुलगा 'एक लाइफ गेली' म्हणू लागला. कित्येक वडीलमंडळींस हे ऐकून वाईट वाटे. जीव ही काय मोजायची वस्तू आहे, असे ती म्हणत. वास्तविक आपल्या हुतूतूत गडी 'मरतो' आणि दुसऱ्या बाजूचा गडी मारला गेला की पुन्हा 'जिवंत' होतो. हे आपण पिढ्यान्‌पिढ्या निर्विकारपणे बोलत आलो. मुलांना यंत्रातील तीन जीवांचा हिशेब कोणी शिकवावा लागला नाही, याचे कारण तो हिशेब त्यांना पटांगणावर अगोदरच ठाऊक होता. 'लाइफ' हा शब्द त्यांनी मराठीत स्त्रीलिंगी केला, हेही ध्यानात घ्यावे. परका शब्द घरात घेताना त्याला आपले लिंग आणि आपला प्रत्यय देणे ही मराठीची जुनीच चाल. फारसी शब्दांबाबत तिने हेच केले होते.

नव्वदच्या दशकात यंत्र घरात शिरले. दूरचित्रवाणी संचास जोडण्याचा डबा, दोन हातांत धरण्याचे दोन ठोकळे, आणि वर खोचण्याची पिवळी कॅसेट. कॅसेटवर ९९९ खेळ आहेत असे छापलेले असे. उघडून पाहता तेच दहा-पंधरा खेळ निरनिराळ्या क्रमांकांनी पुन्हा पुन्हा येत. (आमच्या एका सहकाऱ्यांनी याबद्दल ग्राहक मंचाकडे जाण्याचा विचार बोलून दाखविला होता!) त्यांत मारिओ असे आणि कोनामीचा १९८७ सालचा 'कॉन्ट्रा' असे. हे दोन्ही सरकत्या पडद्याचेच वंशज. कॉन्ट्रा दोघांनी मिळून खेळायचा. त्यातील तीस जीव मिळविण्याची किल्ली, वर-वर, खाली-खाली, डावे-उजवे, डावे-उजवे आणि मग दोन बटणे, ही ज्याला पाठ नाही असा त्या पिढीचा मुलगा बेळगावात किंवा निपाणीत सापडणे कठीण. ती कोणत्या पुस्तकात वाचली असे विचारले तर कोणालाच सांगता येत नाही. ती किल्ली कोनामीचे काझुहिसा हाशिमोतो यांनी आधीच्या एका खेळाची चाचणी घेताना स्वतःच्या सोयीसाठी ठेवली होती आणि ती तशीच राहून गेली. जपानकडचा हा मंत्र कॅम्पातील मुलाकडे कर्णोपकर्णी आला. ओव्या आणि उखाणे ज्या मार्गाने गावोगाव गेले त्याच मार्गाने हाही गेला, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

याच सुमारास गल्लोगल्ली संगणकवर्ग निघाले. शुल्क भरून पाठविलेला मुलगा तिथे काय शिकतो हे पाहावयास गेलेल्या पालकांस बहुधा 'डेंजरस डेव्ह' दिसे. लाल टोपीचा एक छोटा माणूस उड्या मारीत चषक गोळा करीत असे. जॉन रोमेरो या अमेरिकन तरुणाचा हा खेळ. याच रोमेरोच्या कचेरीत १९९० च्या सप्टेंबरात एक गोष्ट घडली. त्या काळच्या साध्या कार्यालयीन संगणकात पडदा सलग सरकविण्याची सोय नव्हती; ते काम खेळाच्या खास यंत्रांनीच करावे असे सर्वांनी धरून ठेवले होते. जॉन कारमॅक या त्याच्या सहकाऱ्याने असा विचार केला, की शेजारशेजारचे बहुतेक चौकोन सारखेच असतात, मग सगळे चित्र पुन्हा काढायचे कशाला? जे बदलले तेवढेच काढावे. एका रात्रीत त्याने मारिओच्या एका मुलुखात डेव्हला चालवून दाखविले. त्यातून पुढे त्यांची स्वतंत्र कंपनी निघाली, आणि तिने १९९३ साली काढलेल्या 'डूम' या खेळाने पडद्याच्या आत खोलवर शिरण्याची वाट प्रशस्त केली. सरकता पडदा नसता तर या मंडळींची ती कंपनी निघाली असती की नाही, याची आम्हांस शंका आहे.

येथवर खेळाची बाजू झाली. आता शासनाची.

ज्या स्पर्धेतील यश मुख्यत्वे कौशल्यावर अवलंबून आहे ती जुगार नव्हे, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने ९ एप्रिल १९५७ रोजी चमारबागवाला यांच्या प्रकरणांत मांडले. त्यातील एक वाद बंगळूरहून निघणाऱ्या 'स्पोर्टिंग स्टार' या पत्रातील बक्षिसांच्या शब्दकोड्यांवरून, मुंबई राज्याने लावलेल्या करामुळे उद्भवला होता. ती कोडी नशिबाचीच ठरली, हा भाग निराळा. पुढे हेच तत्त्व खेळांच्या यंत्रांना लावण्याची वेळ आली ती आमच्याच राज्यात. बंगळूर शहरात अशा केंद्रांस परवाना घेणे कर्नाटक पोलीस कायद्याखालील १९८९ च्या आदेशाने सक्तीचे झाले. केंद्रचालक न्यायालयात गेले. एम. जे. शिवानी विरुद्ध कर्नाटक राज्य या नावाने ओळखल्या जाणाऱ्या १९९५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने परवान्याची सक्ती वैध ठरविली. काही यंत्रांत नशिबाचा भाग प्रबळ असतो, आणि यंत्रात फेरफार करून खेळणाऱ्याचे कौशल्य निष्फळ ठरविता येते, हे न्यायालयाने ध्यानात घेतले होते. त्यात चूक काही नव्हते. पत्त्यांची व आकड्यांची यंत्रे तेव्हा सर्रास होती, आणि त्यांपायी पगार उधळणारे आम्ही पाहिले आहेत.

अडचण अंमलबजावणीत होती. निकालानंतर काही वर्षांनी एका तालुक्याच्या गावी शाळेजवळच्या केंद्राविरुद्ध पालकांचा अर्ज आला आणि पाहणीसाठी आमची नेमणूक झाली. एका लांबट खोलीत नऊ यंत्रे होती. दोन आकड्यांची, त्यांवर पैसे लावले जात, हे उघड होते. उरलेली सात विमानांची, मारामारीची, उड्या मारण्याची. चालक पंचविशीचा, आपल्याच एका जुन्या मराठी घराण्यातला. तो हात जोडून म्हणाला, "साहेब, ती दोन माझी नाहीत, कमिशनवर ठेवली आहेत. ती न्या. ही सात मी कर्ज काढून आणली आहेत." आम्ही यंत्रांचे दोन प्रकार असल्याचे शेऱ्याच्या रकान्यात नमूद करून अहवाल पाठविला. छापील नमुन्यात मात्र रकाना एकच होता: यंत्रांची संख्या. आदेश आला तो नऊच्या नऊ यंत्रांस मोहोर लावण्याचा. गावातील प्रतिष्ठित मंडळींनी समाधान व्यक्त केले. तो तरुण पुढे पुण्यास गेला असे कळले.

ही गोष्ट आम्ही कोणास दोष देण्यासाठी लिहीत नाही. तो अर्ज करणाऱ्यांत आपल्यासारखेच सुशिक्षित पालक होते, मुलांच्या काळजीने आलेले. पण यंत्रात नाणे पडते म्हणजे तो जुगार, हा ग्रह इतका पक्का होता, की ज्या यंत्रासमोर मूल वीस दिवस तेच तेच ठिकाण ओलांडण्याचा सराव करते आणि एकविसाव्या दिवशी ओलांडते, ते यंत्र आणि आकडा फिरविणारे यंत्र यांत कोणासच भेद दिसला नाही.

हा भेद पुढेही कायद्यास चकवीत राहिला. २०२१ साली कर्नाटकाने पोलीस कायद्यात दुरुस्ती करून पैसे लावून खेळले जाणारे ऑनलाइन खेळ, कौशल्याचे असोत वा नशिबाचे, सरसकट बंदीखाली आणले. १४ फेब्रुवारी २०२२ रोजी कर्नाटक उच्च न्यायालयाने त्या दुरुस्तीतील मुख्य तरतुदी घटनाबाह्य ठरविल्या. मग ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने देशभरासाठी कायदा केला. त्यातही पैशांच्या खेळांवर बंदी आहे. परंतु ई-क्रीडा आणि निव्वळ करमणुकीचे खेळ यांना त्याने वेगळे काढून प्रोत्साहन देण्याचे म्हटले आहे. आमच्या त्या छापील नमुन्यात जो दुसरा रकाना नव्हता, तो अखेर आला असे म्हणता येईल. मोहोर लागली त्याला तोवर पंचवीस वर्षांहून अधिक काळ लोटला होता.

दरम्यान पुण्यात काय घडले तेही पाहण्यासारखे आहे. फ्रान्सच्या युबिसॉफ्ट कंपनीने २००८ साली तेथे आपली शाखा काढली. नॉडिंग हेड्स या पुण्याच्या लहानशा चमूने २०२० साली 'राजी' हा खेळ प्रसिद्ध केला. पळवून नेलेल्या धाकट्या भावास सोडविण्यास निघालेल्या मुलीची ती कथा आहे, आणि तिच्यातील निवेदनाचे प्रसंग छायाबाहुल्यांच्या धर्तीवर रंगविलेले आहेत. चामड्याच्या बाहुल्यांची सावली पडद्यावर पाडण्याची विद्या पिंगुळीच्या ज्या ठाकर कुटुंबांनी टिकविली, त्यांचीच चित्रकथीही. सुपरगेमिंग या पुण्याच्याच कंपनीचा 'इंडस' हा खेळ २०२४ च्या ऑक्टोबरात आला. मुंबईची नझारा ही खेळांची कंपनी २०२१ च्या मार्चमध्ये शेअरबाजारात नोंदली गेली. आपल्या कॅम्पातील आणि निपाणीकडील मुले अभियंता होऊन पुण्या-बंगळूरास जातात तेव्हा ती कोठे नोकरी करतात, असे विचारता हल्ली कधीमधी 'गेमच्या कंपनीत' असे उत्तर येते. ते सांगताना आईवडिलांचा स्वर अजून किंचित खाली येतो. बँकेत किंवा सरकारात असे सांगताना तो येत नाही.

मूळ खेळाची वंशवेल अजून वाढतेच आहे. यूजीन जार्विस यांनी पुढे फिनलंडच्या हाऊसमार्क कंपनीबरोबर काम करून २०१७ साली 'नेक्स मशिना' हा खेळ दिला, तोही माणसांना सोडवून आणण्याचाच. आणि ज्यांना या सर्व वंशावळीतील एकही नाव ठाऊक नाही त्यांनी घरच्या संगणकावर इंटरनेट बंद पडण्याची वाट पाहावी. आपल्याकडे फार वेळ थांबावे लागत नाही. गूगलने २०१४ साली आपल्या क्रोम या न्याहाळकात एक करडा डायनासोर ठेवला आहे. लांब कळ दाबली की तो धावू लागतो, समोरून निवडुंग येतात, आणि खालची जमीन उजवीकडून डावीकडे सरकू लागते.